शेतातलं दार : एका लघुपटाच्या नोंदी

मी अमळनेरला लग्नाचं शूटिंग करतो. यंदा पहिल्यांदा स्वतःची गोष्ट शूट केली. तीस वर्षं बेल्जियममध्ये राहिलेला चित्रकार तापीकाठच्या आपल्या गावी येतो. गावात त्याला कुणी ओळखत नाही. घर पडून गेलंय, पण घराचं दार तेवढं शेताच्या मधोमध उभं आहे. तो दार उघडतो तर पलीकडे तोच उभा, पण गाव कधीच न सोडलेला.

23 मिनिटांची फिल्म. 11 महिने गेले. 90 हजारांत बसवायची होती, 1 लाख 43 हजार लागले. कथा कशी सुचली, तिचा अर्थ काय, हे इथे नाही. काय बिघडलं आणि कसं निस्तरलं, ते वहीतून उतरवतोय.

10 नोव्हेंबर 2024

माणसं ठरली. कॅमेऱ्यावर मावसभाऊ, आवाजाला त्याचा मित्र, पडेल ते काम मी. नट जळगावच्या हौशी रंगभूमीवरचे, वय 54. त्यांना आम्ही सगळे सर म्हणतो. कॅमेरा माझाच, लग्नाचा. लेन्स भाड्याने.

20 तारखेला विधानसभेचं मतदान, त्यामुळे तोवर तालुक्यात भाड्याची गाडी मिळेना. जागा बघायला मोटारसायकलवर फिरलो.

सर मूळचे यावलचे. खानदेशी माणूस म्हणजे अहिराणी येणारच, असं मी धरून चाललो. एका शब्दाने विचारलं नाही. यावल-रावेरकडे लेवा बोली चालते, अमळनेर-धुळ्याकडे अहिराणी, हे मला काय माहीत नव्हतं? होतं. तरी विचारलं नाही. ही चूक ऑगस्टपर्यंत पुरली.

24 नोव्हेंबर

चाळीसगावला केकी मूस यांचं घर बघून आलो. ते इंग्लंडला जाऊन कला शिकले, परत आले आणि मग कित्येक दशकं जवळजवळ घराबाहेर पडलेच नाहीत, 1989 साली वारले तोवर. घरातल्या वस्तू टेबलावर मांडून त्यांनी आख्खे देखावे उभे केले आणि त्यांचे फोटो काढले. टेबल-टॉप म्हणतात त्याला. भाऊ एकेका फोटोपुढे दहा-दहा मिनिटं उभा होता. बाहेर आल्यावर म्हणाला, "आपण कंप्युटरवर काहीच करायचं नाही. जे दिसेल ते खरं उभं करायचं." पुण्याच्या एका मुलाला ग्राफिक्ससाठी 25 हजार द्यायचे होते, ते वाचले. ते पुढे दाराने खाल्ले, ही गोष्ट वेगळी.

त्याच दिवशी पटकथेतला एक प्रसंग काढला. अजिंठ्याच्या चित्रांच्या नकला करण्यात आयुष्य घालवलेला रॉबर्ट गिल 1879 साली वारला, त्याला भुसावळला पुरलंय. त्याच्या बऱ्याच नकला लंडनच्या क्रिस्टल पॅलेसला 1866 साली लागलेल्या आगीत जळून गेल्या. आमचा चित्रकार त्याच्या थडग्याशी गप्पा मारतो, असं लिहिलं होतं. कागदावर झकास होतं, पण त्यात दोन माणसांची ओळख करून देण्यातच चार मिनिटं जात होती.

14-15 डिसेंबर, सारंगखेडा

दत्तजयंतीची यात्रा, घोडेबाजार. प्रसंग एवढाच: गावात कुणी ओळखत नाही, पण बाजारातला एक घोडा ओळखतो.

पहिला दिवस पूर्ण वाया. कॅमेरा दिसला की माणसं थांबतात, वळतात, हात हलवतात. दुसऱ्या दिवशी कॅमेरा चहाच्या टपरीत ठेवला, बारदानाआड, आणि सरांना एकटंच गर्दीत सोडलं. लांब लेन्सने चित्र मिळालं.

घोडा काही ओळख दाखवेना. सर जवळ जाऊन उभे राहत, तो तोंड फिरवी. घोडेवाले बाबा हसायला लागले. म्हणाले, खिशात गूळ ठेवा. कोटाच्या आतल्या खिशात खडा ठेवला. घोड्याने आधी छातीशी नाक घासलं, मग डोकं थेट कोटातच घातलं आणि तसाच उभा राहिला. सरांचा हात आपोआप त्याच्या मानेवर गेला. तीस वर्षांनी कुणी मिठी मारावी तसं दिसतंय. कोटाचं अस्तर फाटलं, शिवायला 80 रुपये.

आवाज मात्र संपूर्ण फुकट. नदीकाठचा वारा, माइकवर नुसता स्पंज. दोन दिवसांचं रेकॉर्डिंग म्हणजे फडफड. घरी आल्यावर पुतणीच्या जुन्या टेडीची केसाळ कातडी सोलून माइकला शिवली. ती पुढे सगळीकडे चालली. पुतणी अजून बोलत नाही.

खर्च 7,400. फिल्ममध्ये आलं 11 सेकंद.

12 जानेवारी 2025

दार घेतलं. जुन्या वाड्यांचं लाकूड विकणाऱ्या वखारीतून, सागवानी, चौकटीसकट, कडी-कोयंड्यासकट. 6,500. टेम्पो 1,800. चौघांना उचलेना.

शेत आप्पांचं, तापीपासून कोसभर आत. दादर उभी, सरांच्या खांद्याच्या वर. हिवाळ्यातली ही ज्वारी काळ्या जमिनीतल्या ओलीवर येते, तिला पाणी देत नाहीत. म्हणजे वरून जमीन भेगाळलेली दिसते, पण दोन फुटांखाली ओली आणि मऊ. हे मला कळायला हवं होतं.

19 जानेवारी

दोन-दोन फुटांचे खड्डे घेऊन चौकट रोवली, दगड ठासले. सकाळी नऊला उभी राहिली. काय दिसत होतं! अकराला वारा सुटला. दार उघडं होतं, ते शिडासारखं भरलं आणि आख्खी चौकट सावकाश, अगदी शिस्तीत, पालथी झाली. कुणाला लागलं नाही. वरची गणेशपट्टी मधोमध चिरली.

सुतारकाका येऊन बघून म्हणाले, "चौकट भिंतीच्या जोरावर उभी राहते, बाबा. भिंत नसली तर ती चार फळ्यांची गाठ." मग वेल्डरकडून लोखंडी अँगलचं बूड करून घेतलं: दोन्ही खांबांना एकेक आडवा पाय, साडेतीन फूट पुढे, तेवढाच मागे. तो जमिनीत पुरून वर मातीने भरलेली बारा पोती रचली आणि त्यांवर दादरीचा कडबा पसरला. 3,900 आणि एक आठवडा. कुणी करणार असाल तर हे बूड आधीच करा, आणि शॉट नसेल तेव्हा दार बंद ठेवा.

26 जानेवारी

मुख्य शॉट. एकाच चित्रात दोन सर: डावीकडे परदेशातून आलेले, दाढी आणि कोट, उजवीकडे गावातले, सदरा, पायजमा, टोपी, दाढी नाही. कॅमेरा जागेवरून न हलवता दोनदा शूट करायचं आणि दोन अर्धी जोडायची. लग्नाच्या अल्बमात असले चाळे खूप केलेत, त्यामुळे मी निर्धास्त होतो.

दाढीवाला भाग 8.10 ते 8.40. मग दाढी काढायला सरांना मोटारसायकलवर गावात नेलं. दुकानात गर्दी. दुसरा भाग सुरू झाला 9.50 ला.

रात्री लॅपटॉपवर जोडून बघितलं. डाव्या सरांची सावली लांब, उजव्यांची आखूड. डावी दादर पिवळसर, उजवी पांढरट, कारण व्हाइट बॅलन्स, म्हणजे रंगांचा तोल, ऑटोवर राहिलेला. जोड उघड्या शेतातून गेलेला, त्यामुळे वाऱ्याने हललेली कणसं मध्येच कापल्यासारखी गायब होत होती. आणि मधल्या तासाभरात कुणीतरी ट्रायपॉडला पाय लावलेला. कुणी, ते आजवर कळलेलं नाही.

पुन्हा करायचं, तर दाढी कुठाय? जळगावहून 700 रुपयांची नकली आणली. लांबून चालली असती. जवळून सर ऐतिहासिक नाटकातले वाटत होते.

दाढी वाढेपर्यंत थांबायचं ठरलं. पण दादर कुणासाठी थांबते? आप्पांकडे गेलो. त्यांनी बराच वेळ तंबाखू मळली. मग दाराभोवतीचे दोन गुंठे शेवटी कापायचं कबूल केलं. पाखरांनी खाल्लेल्या दाण्याचे म्हणून 3,000 मीच ठरवून दिले. ते घेत नव्हते.

23 फेब्रुवारी

झालं. काय बदललं ते लिहितो.

जोड दाराच्या उभ्या खांबावर घेतला. खांब हलत नाही, त्यामुळे मागची कणसं हवी तेवढी हलू देत. ट्रायपॉडचे पाय वीतभर पुरले आणि भोवती दोरी बांधली. एक्सपोजर, फोकस, व्हाइट बॅलन्स, तिन्ही हाताने ठरवून तसेच ठेवले. न्हावीदादांना शेतातच आणून बसवलं, वाटीत पाणी घेऊन तयार. दाढीला 7 मिनिटं, कपड्यांना 4. दोन भागांत एकूण 13 मिनिटांचं अंतर, सावलीत डोळ्याला फरक दिसत नाही.

साबणाने चेहरा ताणलेला आणि गाल ताजे पांढरे पडलेले होते. गावात उन्हात राबलेल्या माणसाचे गाल असे नसतात. काळी माती पाण्यात कालवून हलका हात फिरवला, तेव्हा बरं झालं.

दुसऱ्या दिवशी आप्पांनी ते दोन गुंठे कापले. दार एकटंच राहिलं. तेही शूट केलं. फिल्मचं शेवटचं दृश्य आता तेच आहे.

16 मार्च

आगगाडीचा प्रसंग. स्टेशनवर शूटिंगची परवानगी, फी, अनामत, कागदपत्रं हे आमच्या आवाक्याबाहेरचं निघालं. चोरून करायचा मोह झाला. नको म्हटलं, सामान जप्त झालं तर मेमधली लग्नं कशाने करू?

माझ्या सामानाच्या खोलीत डबा उभा केला. दोन प्लायवूड, भंगारातली गजाची खिडकी, एक बाकडं. बाहेरची झाडं पळताना दाखवायची नाहीत, त्यांच्या सावल्या पळवायच्या. सायकल उलटी करून मागच्या चाकाला पुठ्ठ्याच्या लांब-आखूड पट्ट्या बांधल्या, मागे दिवा, आणि भाचा पॅडल फिरवतो. बाकड्याखाली बांबू, तो मी हलवतो.

पहिल्या दिवशी सगळ्या चित्रावर आडवे काळे पट्टे. मला वाटलं चाकाचे. अर्धा दिवस पट्ट्या काढल्या, लावल्या. दोष शटरचा होता, म्हणजे कॅमेरा एकेक फ्रेम किती वेळ टिपतो त्याचा. आपली वीज 50 हर्ट्झची, दिवा सेकंदाला शंभरदा लुकलुकतो. कॅमेरा 1/60 सेकंदावर राहिला होता. सेकंदाला 25 फ्रेम आणि शटर 1/50 केलं तसे पट्टे गेले. लग्नात हे रोज करतो, तरी.

स्वस्त एलईडीची सावली पसरट येत होती, म्हणून जुना 1000 वॅटचा हॅलोजन काढला. सावली सुरीसारखी. खोलीचा फ्यूज दोनदा उडाला, मग शेजारून वायर ओढली. सर घामाने निथळत होते, पण एप्रिलमधल्या ताप्ती लाइनच्या जनरल डब्यात माणूस निथळणारच.

खर्च 4,100. सगळ्या फिल्ममध्ये लोक याच प्रसंगाचं विचारतात की रेल्वेची परवानगी कशी मिळवली.

30 एप्रिल, आखाजी

आज शूटिंग ठरलंच नव्हतं. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, लेकी माहेरी येतात, गावात झोके बांधलेले, गौराईची गाणी. म्हटलं आवाज तेवढे घेऊन ठेवू. सर सहज सोबत आले, कोट घालून, कारण दुपारी एक राहिलेला क्लोज-अप घ्यायचा होता.

गल्लीत एका ओट्यावर एक म्हातारी माय बसली होती, नव्वदीच्या घरातली. तिने सरांना हाताने थांबवलं, डोळ्यांवर पंजा धरून बघितलं आणि विचारलं, "कोना शेस रे भाऊ तू?"

कोणाचा आहेस. कोण आहेस असं नाही. आमच्याकडे अनोळखी माणसाला नाव विचारतच नाहीत आधी. बाप विचारतात, आजा विचारतात, मग गल्ली. सरांना अहिराणी येत नाही, पण एवढं कळलं. आणि ते बोलेचनात. यावलचा म्हणू, जळगावचा म्हणू, की फिल्ममधल्या बापाचं नाव सांगू, असं झालं असावं. तोंड उघडलं, मिटलं. तिने पुन्हा विचारलं, जरा मोठ्याने, सर बहिरे आहेत असं समजून.

पाच महिने मी लिहून, खोडून, पुन्हा लिहून जे आणू बघत होतो ते समोर घडत होतं, आणि कॅमेरा बॅगेत होता. रेकॉर्डर तेवढा चालू, झोक्यांच्या गाण्यांसाठी.

भाऊ म्हणाला, कॅमेरा काढतो, पुन्हा करू. मायला विनंती केली. तिने सदऱ्यातल्या मला बघितलं, कोटातल्या सरांना बघितलं आणि म्हणाली की आता तर ओळख झाली. पुन्हा काय विचारायचं?

आवाज स्वच्छ आलाय. टेडीची कृपा. मायच्या नातवाकडे आणि तिच्याकडे वापरायची परवानगी मागितली. तिने मान हलवली, नातवाने कागदावर लिहून दिलं. फिल्ममध्ये तो प्रश्न बंद दारावर येतो. चित्रात नुसतं दार, आतून आवाज: कोना शेस? मग ती लांब शांतता, मागे झोक्यांची गाणी. फिल्मचं नाव 'परत' होतं, ते त्या रात्री 'कोना' केलं.

11 मे

परदेशातून आणलेली सूटकेस उघडली की तिच्यातून गावची वाळू सांडत राहते, संपतच नाही, असा प्रसंग. एप्रिलमध्ये केला होता. दोन गोण्या वाळू मोटारसायकलवर आणताना वाटेत चौकशी झाली. वाळूचं काय प्रकरण असतं ते इथे सगळ्यांना ठाऊक आहे. फिल्मसाठी आहे म्हटल्यावर कुणाचा विश्वास बसेना. सूटकेस उघडून दाखवली तेव्हा तर अजिबातच बसेना.

ते सगळं चित्रण 4 मेच्या लग्नात पुसलं गेलं. कार्ड डब्यात वेगळं ठेवलं होतं, पण त्यावर चिठ्ठी नव्हती. घाईत फॉरमॅट झालं आणि वर चार तासांची हळद आणि वरात चढली. परत मिळवायच्या सॉफ्टवेअरने नऊ सेकंद दिले, त्यांत माझा अंगठा. कार्ड भरलं की त्याच रात्री दोन जागी कॉपी, हा नियम मी गिऱ्हाइकाच्या कामाला पाळतो आणि स्वतःच्या कामाला पाळला नाही.

आज पुन्हा केलं, वाळूऐवजी दादरीचे दाणे. आप्पांचीच दादर, 40 किलो, विकत. सूटकेसच्या बुडाला भोक, खाली टेबल, टेबलालाही भोक, खालून आम्ही पाइपातून ओतत होतो. दाणे वाळूपेक्षा चांगले दिसतात, त्यांना आवाज आहे. तिसऱ्या टेकला आप्पांच्या कोंबड्या आल्या. हाकलल्या नाहीत.

3 ऑगस्ट, कानबाई

कानबाई म्हणजे खानदेशात श्रावणात घरी बसवतात ती देवी. मूळ पटकथेत तिचा प्रसंग मेमध्ये मांडून करायचा होता. आईनेच हाणून पाडला: नारळ मांडला की ती कानबाई, मग तिला वेळेआधी बोलावून शूटिंग झालं म्हणून उठवायचं का? मी दोन दिवस वाद घातला. म्हणून आजची वाट बघितली, नागपंचमीनंतरचा रविवार. काकूंच्या घरी खरी बसली होती. घरच्यांची अट: कॅमेरा कोपऱ्यात, दिवा लावायचा नाही, कोट-टोपीचं सोंग तिच्यापुढे नको. सर साध्या कपड्यांत आले, नमस्कार केला, रोटाचा प्रसाद घेतला. कमी उजेडासाठी कॅमेऱ्याचा आयएसओ वाढवल्याने चित्र खरखरीत आलंय. चार शॉट ठेवलेत.

24 ऑगस्ट

नोव्हेंबरची चूक आज पदरात आली. गाव न सोडलेल्या चित्रकाराने अहिराणी बोलायला हवी. सरांनी प्रामाणिकपणे पाठ केलं होतं, पण चाल लेवा बोलीची. जळगावला डबिंगला ताशी 600 प्रमाणे 14 तास घालवले, 8,400. ऐकून आप्पा म्हणाले, "पाव्हणा बोलस."

मग आप्पांनाच माइकपुढे बसवलं. आवाज खर्जातला, तंबाखूचा. पण ओठांशी जुळेना: सर थांबतात तिथे आप्पा बोलतात. तीन संध्याकाळी झटापट करून सोडून दिली, आणि सगळा आवाज मुद्दाम अर्धा सेकंद मागे सरकवला. गावातल्या माणसाचे ओठ आधी हलतात, भाषा मागून येते. चुकलंय असं वाटत नाही, तसंच असावं असं वाटतं. निदान मला.

उपशीर्षकं पुण्याच्या एका मित्राने केली. "मी आठलाच शे," म्हणजे मी इथलाच आहे. त्याने लिहिलं होतं, "मी आठवाच आहे." फायनल कॉपीत गेलं होतं ते. आईने पकडलं.

28 सप्टेंबर

14 तारखेला दाखवणार होतो, पण पितृपक्ष. जाणती माणसं म्हणाली, घट बसू देत. आज मंदिराच्या सभामंडपात पांढरी चादर बांधून दाखवली. बाहेर पाऊस.

जळगावला नाटकवाल्या मित्रांना आधी दाखवली होती, तेव्हा दाराच्या प्रसंगाला खोलीत टाचणी पडली तर ऐकू आली असती. इथे दार उघडलं, पलीकडचे सर बोलले आणि मागून एक पोरगा ओरडला, "हाऊ तं आप्पाना आवाज शे!" आख्खा मंडप हसायला लागला. पुढची सहा मिनिटं, सगळ्यात गंभीर सहा मिनिटं, लोक आप्पांकडे वळून वळून बघत होते. आप्पा टोपी सावरत बसलेले. मी मागे प्रोजेक्टरजवळ घामाघूम. हे मला आधी कसं सुचलं नाही, देव जाणे. गावात दाखवायची फिल्म आणि गावातल्याच माणसाचा आवाज.

बंद दारावर मायचा प्रश्न आला तेव्हा मात्र कुणी हसलं नाही. तिसऱ्या ओळीतल्या एका बाईने हळूच उत्तर दिलं, तिच्या बापाचं नाव. ती जूनमध्येच सुरतहून कायमची परत आली आहे, हे नंतर समजलं.

कोंबड्यांना टाळ्या पडल्या.

उधारी अजून 31 हजार आहे, तुळशीच्या लग्नानंतरच्या सीझनमध्ये फिटेल. लोखंडी बूड वेल्डरने अर्ध्या किमतीत परत घेतलं. दार आप्पांनी मागून घेतलं, गोठ्याला बसवलंय. सुतारकाकांनी घाईत चौकट उलटी लावल्यामुळे कडी बाहेरच्या बाजूला आली आहे आणि आतून लावायला काहीच नाही. आप्पा म्हणतात, म्हशीला आतून कुठे लावायची असते?